लांबच्या तोफेला जवळचें उत्तर



आज ज्या विषयावर बोलण्याचें मीं योजिलें आहे, तो प्रथमदर्शनीं आपणांस थोडासा पोरकट वाटण्याचा संभव आहे. हल्लीं घरोघरीं मुलें संगणकापुढें बसून युद्धाचे खेळ खेळतात. त्यांपैकीं एका प्रकारच्या खेळांत नेहमीं पडणारा एक पेंच, आणि त्या पेंचाला आमच्याच मुलखाच्या इतिहासानें दिलेलीं उत्तरें, असा हा विषय आहे. मी बिडकीनचा राहणारा एक सेवानिवृत्त शाळामास्तर. बुद्धिबळाचा पट माझ्या परिचयाचा. हा नवा खेळ मात्र मी मुलांच्या पाठीमागें उभा राहून शिकलों. तो जसजसा मला कळूं लागला, तसतशी माझी खात्री होत गेली कीं, तोफेचा जो धडा हीं मुलें पडद्यावर गिरवीत आहेत, तो आमच्या या भागांतील जमिनीवर फार पूर्वीं प्रत्यक्ष गिरविला गेला आहे.

प्रथम खेळाचें स्वरूप सांगतों. बुद्धिबळांत एकानें खेळी करावी व दुसऱ्यानें वाट पाहावी, असा नियम असतो. या खेळांत पाळी नाहीं. दोघेही खेळाडू एकाच वेळीं खेळत असतात आणि घड्याळ कोणासाठींही थांबत नाहीं. आरंभीं प्रत्येकास तीन-चार कामकरी मिळतात. त्यांच्याकडून लांकूड, धान्य, सोनें किंवा अशींच कांहीं द्रव्यें जमवावीं, त्यांतून घरें, तबेले व कारखाने उभारावे, शिपाई तयार करावे आणि प्रतिपक्षाचा मोड करावा. १९९८ सालीं निघालेला ‘स्टारक्राफ्ट’ आणि १९९९ सालीं निघालेला ‘एज ऑफ एम्पायर्स’चा दुसरा भाग हे या जातीचे दोन गाजलेले खेळ होत. २०१८ सालीं जकार्ता येथें भरलेल्या आशियाई क्रीडास्पर्धांत स्टारक्राफ्टच्या दुसऱ्या भागाचे सामने प्रदर्शनादाखल ठेवण्यांत आले होते. तेव्हां हा केवळ पोरखेळ राहिलेला नाहीं, हें आपण मान्य कराल.

आतां पेंच असा. डाव नुकताच कोठें रंगूं लागला आहे. तुमची फौज थोडी आहे, तटबंदी अर्धवट आहे. आणि तेवढ्यांत प्रतिपक्ष लांब पल्ल्याचें एक यंत्र आणून उभें करतो. तुमच्या तिरंदाजाचा बाण त्याच्यापर्यंत पोंचत नाहीं. त्याचा गोळा मात्र तुमच्या अंगणांत येऊन पडतो. नवशिका खेळाडू येथें दोन मार्गांपैकीं एक धरतो. एक तर तो तटाआड बसून राहतो आणि एकेक इमारत ढांसळतांना पाहतो. नाहीं तर चिडून, सारे शिपाई एकत्र गोळा करून समोरून धांवतो, आणि ते दाटीवाटीनें पळत असतांनाच गारद होतात. दोन्ही वेळीं तो प्रतिपक्षाला हवें तेंच करीत असतो.

वास्तविक या यंत्राच्या अंगीं जितकें बळ, तितकेंच उणेंही असतें. एज ऑफ एम्पायर्समधील ट्रेबुशे नांवाचें धोंडे फेकणारें यंत्र घ्या. त्याचा मारा मुळांत सोळा घरांपर्यंत पोंचतो. घर म्हणजे पटावरील एक चौकोन. किल्ल्यावरील तिरंदाजांचा मारा त्याच्यापुढें तोकडा पडतो. परंतु चार घरांच्या आंत शिरलेल्या शत्रूवर त्याला मारा करतांच येत नाहीं. शिवाय तें हलवावयाचें तर आधीं मोडून बांधावें लागतें, आणि बांधलेल्या स्थितींत तें अगदीं निरुपद्रवी असतें. स्टारक्राफ्टमधील वेढ्याचा रणगाडा घ्या. जमिनींत पाय रोंवून बसला म्हणजे तो बारा घरांपर्यंत मारतो. पण त्याची स्वतःची नजर दहा घरांपलीकडे जात नाहीं. पुढच्या दोन घरांसाठीं त्याला दुसऱ्याचे डोळे उसने घ्यावे लागतात. अगदीं अंगाशीं भिडलेल्या शत्रूपुढें त्याचाही इलाज चालत नाहीं, आणि त्याच्या गोळ्याच्या स्फोटांत शेजारचे त्याचेच शिपाई सांपडतात.

तेव्हां तोफेचीं व्यंगें चार. ती चालीला मंद असते. तिला जवळचें मारतां येत नाहीं. तिला दुसऱ्याचे डोळे लागतात. आणि तिला राखणदार लागतात. डावाच्या आरंभींच ती आणली असेल, तर पांचवें व्यंगही असतें. ती महाग असते. जेवढें धन तिच्यांत गुंतलें, तेवढे कामकरी, तेवढे घोडेस्वार प्रतिपक्षाजवळ कमी असतात. म्हणून तोफ दिसतांक्षणीं चतुर खेळाडू ती किती लांब मारते एवढेंच न पाहतां, तिच्यापायीं कोणत्या बाजूला उणीव राहिली आहे, हें शोधूं लागतो.

हेंच शोधण्याचें काम थोरल्या बाजीरावानें १७२७-२८ च्या मोहिमेंत कसें केलें, तें आतां पाहूं. १७२७ सालीं निजामुल्मुल्कानें दक्षिणेची चौथ अडविली. सातारचे शाहू महाराज खरे छत्रपती कीं कोल्हापूरचे संभाजी महाराज खरे, याचा निवाडा होईपर्यंत पैसा देणार नाहीं, अशी त्याची भूमिका होती. निजाम हा औरंगजेबाच्या तालमींत वाढलेला, अनुभवी सेनापती. त्याचा तोफखाना जबरदस्त होता. त्याच्याशीं समोरासमोर उभें राहून लढणें म्हणजे आपण होऊन त्याच्या माऱ्याच्या टप्प्यांत जाऊन उभें राहणें होतें.

बाजीरावानें तें केलें नाहीं. पावसाळा सरतां सरतां तो निघाला आणि गोदावरी ओलांडून जालना-सिंदखेडच्या बाजूस शिरला. तेथें निजामाच्या ऐवजखान नामक सरदाराशीं त्याची झटापट झाली. परंतु तो तेथें गुंतून पडला नाहीं. बऱ्हाणपुरावर जात असल्याची हूल उठवून, निजाम तिकडे वळला असें पाहतांच तो गुजराथेंत उतरला. फसगत झालेल्या निजामानें मग पुण्याचा रस्ता धरला व तो प्रांत व्यापला. कोणाही सेनापतीस आपलें घर वांचविण्यासाठीं धांवत यावेंसें वाटलें असतें. बाजीराव पुण्याकडे आला नाहीं. तो खानदेशांतून थेट औरंगाबादेच्या रोखानें निघाला, म्हणजे त्यानें निजामाच्याच घराला हात घातला.

आतां धांवण्याची पाळी निजामाची होती. पुणें सोडून तो उत्तरेकडे वळला. बैलांनीं ओढावयाच्या अवजड तोफा घेऊन गोदावरी उतरावयाची आणि हलक्या मराठी घोडदळाला गांठावयाचें, हीं दोन कामें एकत्र जुळेनात. म्हणून त्यानें भारी तोफखाना मागें ठेवला. त्या क्षणीं लढाईचा निकाल बहुतेक लागला. फेब्रुवारी १७२८ च्या अखेरीस वैजापूरजवळील पालखेड येथें मराठ्यांनीं त्याला चोहोंकडून घेरलें. दाणा बंद, वैरण बंद, पाणी तोडलेलें, आणि ज्या तोफांवर सारी भिस्त त्या जवळ नाहींत, अशी त्याची अवस्था झाली. ६ मार्च १७२८ रोजीं मुंगी-शेवगांव येथें तह होऊन शाहू महाराजांचा छत्रपतिपदाचा व दक्षिणेंतील चौथ-सरदेशमुखीचा हक्क निजामानें मान्य केला. आमच्या बिडकीनहून पैठणच्या रस्त्यानें गेल्यास पैठणपुढें नदीपलीकडे हें मुंगी गांव लागतें. फील्ड मार्शल मॉंटगोमरी यांनींही आपल्या युद्धेतिहासांत या मोहिमेचा गौरव केला आहे. खेळणाऱ्या मुलांनीं यांतून घ्यावयाचें तें इतकेंच कीं, बाजीरावानें निजामाची तोफ फोडली नाहीं; ती निजामाकडूनच मागें टाकविली.

येथें कोणी विचारील कीं, शत्रूनें तोफ मागें टाकलीच नाहीं तर काय? त्याचें उत्तर पुढें दहा वर्षांनीं भोपाळास मिळालें. १७३७ च्या डिसेंबरांत निजाम तेथें आपल्या तोफखान्याच्या आश्रयानें बसला. तोफांच्या त्या कड्यावर तुटून पडणें बाजीरावानें टाळलें आणि रसद तोडून तो बाहेर वाट पाहत राहिला. तोफेला दारू लागते आणि तोफेजवळच्या माणसाला भाकरी लागते. १७३८ च्या जानेवारींत निजामाला पुन्हां तह करावा लागला.

दुसरें उत्तर याहून कठोर आहे, आणि तें आमच्या विरुद्ध बाजूनें दिलें गेलें. भोकरदनच्या परिसरांतील असई हा मुलूख १९८१ पर्यंत औरंगाबाद जिल्ह्यांतच होता. आतां तो जालना जिल्ह्यांत मोडतो. २३ सप्टेंबर १८०३ रोजीं तेथें दौलतराव शिंदे व नागपूरकर भोसले यांची फौज केळणा आणि जुई या दोन नद्यांच्या बेचक्यांत उतरली होती. शिंद्यांच्या कवायती पलटणी पोलमन नांवाच्या जर्मन सरदाराच्या हाताखालीं होत्या, आणि त्यांच्याजवळ शंभराच्या आसपास तोफा होत्या. समोर आर्थर वेलस्ली होता. पुढें जो ड्यूक ऑफ वेलिंग्टन म्हणून प्रसिद्धीस आला, तोच हा. वाटाड्ये म्हणत, नदीला जवळपास उतार नाहीं. वेलस्लीनें पाहिलें कीं, दोन गांवें दोन तीरांवर समोरासमोर वसलेलीं आहेत. मग त्यांच्यामध्यें येण्याजाण्याचा उतार असलाच पाहिजे. तो तर्क खरा ठरला आणि तो बाजूनें नदी उतरला. पण पोलमननें आपली रांग चपळाईनें वळविली. शिंद्यांच्या गोलंदाजांचा मारा इतका अचूक होता कीं, इंग्रजांच्या तोफा व तोफांचे बैल थोड्याच वेळांत निकामी झाले.

आतां थांबणें म्हणजे मरणें होतें. वेलस्लीनें तोफेला तोफेनें उत्तर देण्याचा नाद सोडला आणि पायदळाला संगिनी रोखून सरळ चालून जाण्याचा हुकूम दिला. मधलें अंतर एकदां संपलें म्हणजे तोफेची सद्दी संपते, हें त्यानें ओळखलें होतें. ९८ तोफा त्याच्या हातीं लागल्या. परंतु किंमत पाहा. त्याचीं पंधराशेंहून अधिक माणसें मेलीं वा जखमी झालीं. उजव्या बाजूस कांहीं तुकड्या वाट चुकून असई गांवासमोरच्या तोफांच्या तोंडीं गेल्या, आणि त्यांच्या मागोमाग गेलेल्या ७४ व्या पलटणीची भयंकर कत्तल झाली. शिवाय तोफांजवळ मेल्याचें सोंग घेऊन पडलेल्या कांहीं गोलंदाजांनीं पलटणी पुढें सरकतांच उठून पाठीमागून पुन्हां मारा सुरू केला. शिंद्यांच्या या इमानी गोलंदाजांचें शौर्य शत्रूनेंही मानलें.

या सर्वांवरून खेळणाऱ्यानें काय ध्यानांत धरावें, तें थोडक्यांत सांगतों. आरंभींच हेर पाठवावा. प्रतिपक्षाच्या अंगणांत कारखाना उभा राहत असलेला दिसला, तर गोळा पडण्याची वाट पाहूं नये. तोफ वाटेंत असतांना, बांधलेली असतांना गांठावी. समोरून एकगठ्ठा न जातां विरळ होऊन, दोन बाजूंनीं, शक्य तर घोडेस्वारांनीं जावें. तिचा पहारा दाट असेल, तर तिच्याकडे न जातां प्रतिपक्षाच्या शेतांवर व लांकूडतोड्यांवर चार स्वार पाठवावे. मग तोफ पुढें न्यावी कीं घर सांभाळावें, हा पेंच त्याला पडतो. चालूनच जाणें भाग पडलें, तर अर्ध्या वाटेंत विचार बदलूं नये. माऱ्याच्या टप्प्यांत घुटमळणें सर्वांत महाग. हातीं आलेलें यंत्र तेथल्या तेथें मोडून मगच पुढें जावें. आणि त्याच्या तोफेहून मोठी तोफ आपणही करूं, हा मोह आवरावा, कारण ती तयार होईपर्यंत डाव संपलेला असतो.

एक गोष्ट मात्र खेळ शिकवीत नाहीं, ती मास्तराला सांगितलीच पाहिजे. पडद्यावर शत्रूचे लांकूडतोडे मारले म्हणजे एक आंकडा कमी होतो, आणि नवा डाव मांडतांच सारे पुन्हां उभे राहतात. १७२७ च्या हिंवाळ्यांत जालना-सिंदखेडच्या गांवांत जी लूट आणि जाळपोळ झाली, ती आपल्याच घोडदळानें केली. निजामाची रसद तुटली, हें वाक्य मुलांच्या पुस्तकांत एका ओळींत येतें. पण ती रसद म्हणजे आमच्याकडच्या कुणब्याच्या पेवांतील ज्वारी आणि त्याच्या गंजीचा कडबा होता. असईच्या शिवारांत जीं शेतें तुडविलीं गेलीं, त्यांच्या धन्यांचीं नांवें कोणत्याही कैफियतींत शोधूं गेल्यास मिळावयाचीं नाहींत. बाजीरावाची युक्ति थोर होती यांत शंका नाहीं, आणि तिचा अभिमान आम्हांस जरूर वाटावा. तरी तिची किंमत कोणीं भरली, हेंही मुलांना सांगावें. अर्धा इतिहास सांगून वाढविलेला अभिमान फार दिवस टिकत नाहीं.

यास्तव ज्या घरांतील मुलें हे खेळ खेळतात, त्या घरांतील वडील मंडळींना माझी विनंती आहे कीं, नुसतें रागें भरून खेळ बंद करूं नये. एखादे दिवशीं शेजारीं बसावें, डाव पाहावा, आणि लांबून गोळे पडूं लागले म्हणजे मुलाला विचारावें: हा दूर उभा आहे तो कोणाच्या जिवावर, आणि तूं त्याला जवळ कसा आणशील? पुढें सुट्टींत त्यालाच बरोबर घेऊन पालखेडचें माळरान आणि असईचा नदीउतार दाखवून आणावा. त्या दोन जागा पाहिलेला मुलगा तोफेच्या आवाजानें गोंधळणार नाहीं, आणि जिंकल्यावर गांवांकडेही पाहील, अशी मला आशा आहे.