फ्रेंच अभिजात साहित्याची मराठी बालरूपे

फ्रेंच अभिजात साहित्य मराठी मुलांपर्यंत पोहोचले ते मुख्यतः ज्यूल व्हर्न आणि व्हिक्टर ह्यूगो या दोघांमुळे. ग. दि. माडगूळकर (1973) आणि अरुणा ढेरे (2019) यांच्या अध्यक्षतेखाली अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलने ज्या यवतमाळात भरली, तेथे आता या लेखकांच्या मराठी बालरूपांतरांचा विचार होत आहे. 

फ्रेंच आणि भारतीय साहित्यातली देवघेव दुहेरी आहे. फ्रेंच बोधकथाकार ला फोंतेन यांनी 1678 मध्ये बोधकथांचा दुसरा संग्रह काढताना ‘पिल्पे’ या भारतीय ज्ञान्याचे ऋण मान्य केले. पिल्पेच्या नावाने युरोपात रुळलेल्या कथांचे मूळ पंचतंत्रात होते; त्या फारसी-अरबीमार्गे तिकडे गेल्या होत्या.

व्हर्न मराठीत आला तो 1900 च्या सुमारास. कृष्णाजी नारायण आठल्ये यांच्या ‘केरळकोकिळ’ मासिकात त्याची चंद्रप्रवासाची कादंबरी क्रमशः प्रसिद्ध झाली. पुढे भा. रा. भागवत (1910–2001) यांनी ‘चंद्रावर स्वारी’, ‘पाताळलोकची अद्भुत यात्रा’, ‘मुक्काम शेंडेनक्षत्र’ अशा पुस्तकांतून त्याला घरोघरी नेले. व्हर्नच्या अनेक कादंबऱ्या पॅरिसमध्ये प्रकाशक हेत्झेल यांच्या 1864 साली सुरू झालेल्या बाल-किशोर मासिकातच प्रथम छापल्या गेल्या. त्यामुळे येथे प्रश्न वयाचा नव्हता. भूगोल, यंत्रे आणि आकडेमोड मराठी मुलाला खिळवून ठेवील अशा बेताने मांडण्याचा होता.

ह्यूगोची गोष्ट वेगळी. 1862 ची ‘ले मिझेराब्ल’ प्रौढांसाठी लिहिलेली, पाच भागांची. तिच्यात वॉटर्लूची लढाई आणि पॅरिसची भुयारी गटारे यांवर स्वतंत्र प्रकरणे आहेत. साने गुरुजींनी ‘दुःखी’मध्ये तिला भारतीय वेश दिला. अशा रूपांतरात पाल्हाळ गळला तरी चालतो. नायकाने पावासाठी केलेली चोरी, त्यापायी भोगलेला 19 वर्षांचा तुरुंगवास आणि धर्मगुरूची क्षमा हा कणा मात्र शाबूत राहावा लागतो.

काटछाट आंधळी असली की नुकसान होते. मराठी रूपांतरे बहुधा इंग्रजीवरून झाली आणि व्हर्नच्या सागरतळाच्या कादंबरीच्या जुन्या, प्रचलित इंग्रजी अनुवादात मूळ मजकुराचा जवळपास पाचवा हिस्सा गाळलेला होता. त्याच कादंबरीतला कॅप्टन निमो पुढे ‘रहस्यमय बेट’मध्ये बुंदेलखंडचा राजपुत्र आणि 1857 च्या उठावातला लढवय्या ठरतो. एवढा धागा तुटला, तर भारतीय मुलाला या कथेतली सर्वांत जवळची ओळखच मिळत नाही.

यवतमाळ जिल्ह्यात रूपांतराच्या कामाला आणखी एक पदर आहे. येथील अनेक मुलांची घरची भाषा बंजारा, कोलामी किंवा गोंडी असते. छापील मराठी त्यांना शाळेत भेटते. त्यांच्यासाठी वाक्ये आटोपशीर, मोठ्याने वाचता येतील अशी हवीत. अपरिचित वस्तूंचा खुलासा कथेच्या ओघातच यावा. मात्र भाषा सोपी करताना कथेतला पेच पातळ करू नये. मूळ लेखक, मूळ ग्रंथ, कोणत्या भाषेवरून रूपांतर केले आणि काय गाळले, याची नोंद पुस्तकाच्या आरंभी असावी. ती असली, म्हणजे मोठेपणी पूर्ण ग्रंथाकडे वळण्याची वाट वाचकाला मोकळी राहते.