परक्या शहरात आजारी पडलेल्यांसाठी



११ मार्च १८८९ रोजी पंडिता रमाबाईंनी मुंबईत शारदा सदन सुरू केले. अमेरिकेतला मुक्काम संपवून त्या नुकत्याच परतल्या होत्या आणि तिथल्या स्त्रियांनी उभारलेल्या संस्था त्यांच्या डोळ्यांसमोर ताज्या होत्या. त्याच महिन्याच्या ३१ तारखेला, रमाबाई सोडून आल्या त्या अमेरिकेत, न्यूयॉर्कच्या बंदरावर अडतीस वर्षांची एक इटालियन नन सहा सिस्टरांना बरोबर घेऊन उतरली. तिचे नाव फ्रान्सेस्का काब्रिनी. आपल्या वाचनात रमाबाई अनेकदा येतात, काब्रिनी सहसा येत नाहीत. आज मी त्यांच्याविषयी, आणि त्याहून अधिक त्यांनी उभारलेल्या एका रुग्णालयाविषयी बोलणार आहे.

काब्रिनींचा जन्म १८५० साली लोंबार्डीतल्या एका शेतकरी कुटुंबात झाला. प्रकृती लहानपणापासून तोळामासा. १८८० साली त्यांनी कोदोन्यो या गावी स्वतःचा मिशनरी संघ काढला. चीनमध्ये जाऊन काम करावे, ही त्यांची मनापासूनची इच्छा होती. पोप तेरावे लिओ यांनी त्यांना पूर्वेकडे न पाठवता पश्चिमेकडे जायला सांगितले, कारण इटलीतली माणसे तेव्हा लाटांमागून लाटा याव्यात तशी अमेरिकेकडे निघाली होती. पियाचेंझाचे बिशप स्कालाब्रिनी त्या निघालेल्या माणसांची काळजी आधीपासून वाहत होते आणि काब्रिनींनी तिकडे जावे असा त्यांचाही आग्रह होता.

ही माणसे का निघाली होती? १८६१ साली इटली एक देश झाला खरा, पण दक्षिणेतल्या शेतमजुराच्या वाट्याला नव्या राज्याचे कर आणि सक्तीची लष्करभरती एवढेच आले. जमीन मूठभरांच्या हातात होती. मलेरियाने गावेच्या गावे पोखरली होती आणि १८८४ मध्ये नेपल्समध्ये कॉलऱ्याने थैमान घातले. १८८० ते १९२० या चाळीस वर्षांत सुमारे चाळीस लाख इटालियन अमेरिकेत गेले. त्यांतले बहुतेक दक्षिणेकडचे होते.

न्यूयॉर्कमध्ये त्यांना मिळाली ती शहराची सगळ्यात खालची कामे. खंदक खणणे, गवंड्याच्या हाताखाली विटा वाहणे, चिंध्या गोळा करणे, घरात बसून तुकड्यावर शिवण करणे. काम मिळवून देणारा मुकादम त्यांच्याच भाषेचा असे आणि मजुरीतला मोठा हिस्सा तोच खाई. मलबेरी स्ट्रीटच्या परिसरातल्या चाळींतल्या काळोख्या, कोंदट खोल्यांची छायाचित्रे जेकब रीस यांनी काढली आणि १८९० साली त्यांचे पुस्तक निघाले, तेव्हा सुखवस्तू न्यूयॉर्करांना आपल्याच शहराचा हा भाग पहिल्यांदा दिसला. १८९१ च्या मार्चमध्ये न्यू ऑर्लिन्समध्ये जमावाने तुरुंगात घुसून अकरा इटालियनांना ठार मारले. नव्या देशात इटालियन माणसाकडे कोणत्या नजरेने पाहिले जात होते, हे यावरून कळावे.

आता मी माझ्या मुख्य मुद्द्याकडे येतो. न्यूयॉर्कमध्ये तेव्हा रुग्णालये नव्हती असे नाही. बेलव्ह्यू हे मोठे सार्वजनिक रुग्णालय होते, गरिबांसाठी होते आणि इटालियनांच्या वस्त्यांपासून फार दूरही नव्हते. मग वेगळ्या रुग्णालयाची गरज काय होती? हा प्रश्न टाळून चालणार नाही. दानशूरांच्या कथा सांगताना आपण तो टाळतो आणि मग संस्थेचे महत्त्व आपल्याला समजत नाही.

कालाब्रियाच्या डोंगरातून आलेला एखादा खंदककामगार डोळ्यांसमोर आणा. त्याला इंग्रजी येत नाही. पुस्तकी इटालियनही धड येत नाही, येते ती गावची बोली, जी मिलानच्या माणसालाही कळायची नाही. त्याच्या पोटात दुखते आहे. कुठे, कधीपासून, जेवणाआधी की नंतर, कळ येते की नुसते जड वाटते, हे डॉक्टरला कळल्याशिवाय निदान होत नाही. तेव्हा आजच्यासारख्या तपासण्या नव्हत्या. रोग्याने सांगितलेली हकिगत हीच डॉक्टरच्या हातातली सगळ्यात मोठी वस्तू होती. ती हकिगतच सांगता येत नसेल, तर बोटांनी दाखवलेल्या जागेवरून औषध दिले जाणार. शस्त्रक्रियेला होकार मागितला, तरी तो कशाला होकार देतो आहे हे त्याला कळणार नाही.

त्यात भीतीची भर. बेलव्ह्यूची मुळे अठराव्या शतकातल्या अनाथ-निराधारांच्या भिक्षागृहात होती. इटलीतल्या खेड्यांतही रुग्णालय म्हणजे ज्याला कोणी नाही त्याने मरायला जायची जागा, अशीच समजूत होती. घरची माणसे असताना आजाऱ्याला परक्यांच्या हाती सोपवणे हा घराण्याला कमीपणा वाटे. म्हणून आजारी माणूस खोलीतच पडून राही आणि अगदी नाइलाज झाला की त्याला नेत. अशा अवस्थेत नेलेला माणूस बहुधा वाचत नसे, आणि तो वाचला नाही की रुग्णालयाची भीती आणखी पक्की होई. हे दुष्टचक्र खाटा वाढवून तुटणारे नव्हते. ते विश्वासाने तुटणारे होते, आणि विश्वास हा उपचाराचाच भाग आहे असे मी मानतो. रोगी वेळेवर येतो की नाही, खरे सांगतो की नाही, औषध घेतो की फेकून देतो, हे सगळे विश्वासावर अवलंबून असते.

धर्माचा भागही होता, तो मी झाकून ठेवणार नाही. न्यूयॉर्कचे कॅथलिक चर्च आयरिश लोकांच्या हातात होते आणि इटालियनांना कित्येक ठिकाणी चर्चच्या तळघरात प्रार्थना करावी लागे. दुसरीकडे प्रॉटेस्टंट मिशनरी त्यांना आपल्याकडे ओढू पाहत होते. आपल्या माणसांचा धर्म टिकावा, ही काब्रिनींच्या कामामागची उघड प्रेरणा होती. पण मरणाच्या दारातल्या माणसाला आपल्या बोलीत कबुलीजबाब देता यावा, एवढी इच्छा समजून घ्यायला आपण कॅथलिक असण्याची गरज नाही.

काब्रिनींचे स्वागत मात्र थंड झाले. ठरलेली घराची व्यवस्था झालेली नव्हती आणि आर्चबिशप कॉरिगन यांनी त्यांना आल्या जहाजाने परत जाण्याचा सल्ला दिला. मला पोपने पाठवले आहे, मी राहणार, असे त्यांनी सांगितले आणि त्या राहिल्या. आधी अनाथाश्रम, शाळा झाल्या. रुग्णालयाकडे त्या वळल्या त्या काहीशा नाइलाजाने. स्कालाब्रिनींच्या धर्मगुरूंनी पूर्व १०९ व्या रस्त्यावर इटालियनांसाठी एक छोटे रुग्णालय काढले होते आणि ते कर्जात बुडत होते. सिस्टरांना तिथे मदतीला बोलावले गेले. काब्रिनींनी हिशेब पाहिला आणि ते कर्ज अंगावर घ्यायचे नाही असे ठरवले. १८९२ साली त्यांनी पूर्व १२ व्या रस्त्यावर भाड्याने जागा घेतली आणि सुरुवात केली. हाती अडीचशे डॉलर होते, रोगी दहा. गाद्या सिस्टरांनी स्वतः शिवल्या. खाटा रोग्यांना दिल्या आणि त्या स्वतः जमिनीवर झोपल्या.

नाव ठेवले कोलंबस हॉस्पिटल. कोलंबसाच्या सफरीला त्या वर्षी चारशे वर्षे पूर्ण होत होती. या नावात मला फार व्यवहारचातुर्य दिसते. १८७० मध्ये इटालियन सैन्याने रोम घेतल्यापासून इटलीचे सरकार आणि पोप यांच्यात वितुष्ट होते आणि न्यूयॉर्कमधले इटालियनही त्यावरून दुभंगलेले होते. कोणा संताचे नाव दिले असते तर राष्ट्रवादी व्यापाऱ्यांनी पाठ फिरवली असती. कोणा क्रांतिकारकाचे दिले असते तर चर्चने. कोलंबस दोघांनाही चालणारा होता, आणि अमेरिकनांनाही. त्याच्या नावाला आज वेगळा अर्थ आला आहे हे मला ठाऊक आहे. कोलोरॅडो राज्याने तर २०२० मध्ये कोलंबस दिनाची सुट्टी बंद करून काब्रिनींच्या नावाची सुट्टी सुरू केली. पण १८९२ च्या न्यूयॉर्कमध्ये हिणवल्या जाणाऱ्या इटालियनाला ताठ मानेने उच्चारता येईल असे हेच एक नाव होते.

रुग्णालय लवकरच पूर्व २० व्या रस्त्यावरच्या मोठ्या इमारतीत गेले. ते चालले कसे, याविषयी थोडे सविस्तर सांगतो, कारण काब्रिनींना संत म्हणून गौरवणारे लोक नेमके इथेच घाई करतात. सिस्टर इटालियन दुकानांतून फिरून भाजीपाला, पाव, पैसे मागत. पण एवढ्यावर रुग्णालय चालत नाही, हे काब्रिनींना पुरते कळले होते. ज्यांना परवडते त्यांच्याकडून पैसे घ्यायचे आणि त्यातून फुकट वॉर्ड चालवायचे, हे त्यांनी पक्के केले. शिकागोत १९०५ साली त्यांनी लिंकन पार्कजवळचे एक बडे हॉटेल विकत घेऊन तिथे दुसरे कोलंबस हॉस्पिटल उघडले, ते याच हिशेबाने. त्या खरेदीची एक गोष्ट त्यांच्या चरित्रांत सांगितली जाते. विकणाऱ्यांवर विसंबून न राहता त्यांनी सिस्टरांना पहाटे दोऱ्या घेऊन पाठवले आणि जागा मोजून घेतली, तेव्हा कागदावर दाखवलेल्या जागेतली एक पट्टी गाळली जात होती असे आढळले. पुढे बांधकामाच्या ठेकेदारांनी गोंधळ घातला, तेव्हा त्यांना काढून टाकून काम त्यांनी स्वतःच्या देखरेखीखाली पुरे करून घेतले. शिकागोच्या पश्चिमेकडच्या इटालियन वस्तीत गरिबांसाठी या रुग्णालयाची वेगळी शाखाही निघाली.

मला या बाईंविषयी सर्वांत जास्त आदर वाटतो तो इथे. गरिबांचे रुग्णालय म्हणजे गबाळे रुग्णालय, हे त्यांनी मान्य केले नाही. फुकट उपचार घेणाऱ्याला कर्जबाजारी, आज आहे उद्या नाही अशा संस्थेच्या भरवशावर सोडणे ही त्याची फसवणूक आहे, असे त्यांच्या वागण्यातून दिसते. जमाखर्चाची वही त्या प्रार्थनेइतक्याच निष्ठेने सांभाळत.

आपल्याकडे मुंबईतही समाजांनी काढलेली रुग्णालये आहेत. पारशी जनरल हॉस्पिटल १९१२ चे. पण ते शहरात स्थिरावलेल्या, सधन समाजाने उभे केले. कोलंबस हॉस्पिटल ज्यांच्यासाठी निघाले ते शहरातले सर्वांत दरिद्री, नुकते आलेले लोक होते. आज आपल्या शहरांत इमारती बांधणारा ओडिशाचा मजूर किंवा कारखान्याच्या मागे कर्नाटकात जाणारे आपले ऊसतोड कुटुंब तिथल्या दवाखान्याच्या खिडकीशी उभे राहते, तेव्हा त्यांची हकिगत ऐकून घेणारे कोण असते? सरकारी रुग्णालयात खाट आहे, एवढे उत्तर मला पुरत नाही. बेलव्ह्यूतही खाटा होत्या.

काब्रिनी १९०९ साली सिअ‍ॅटलमध्ये अमेरिकेच्या नागरिक झाल्या. पाण्याची लहानपणापासून भीती असूनही त्यांनी वीसहून अधिक वेळा अटलांटिक ओलांडला आणि शाळा, अनाथाश्रम, रुग्णालये मिळून सदुसष्ट संस्था उभ्या केल्या. २२ डिसेंबर १९१७ रोजी शिकागोतल्या आपल्याच रुग्णालयात त्यांचे निधन झाले. १९४६ मध्ये चर्चने त्यांना संत जाहीर केले. हा मान मिळालेल्या त्या पहिल्या अमेरिकन नागरिक.

न्यूयॉर्कच्या रुग्णालयाचे पुढे काय झाले, तेही सांगायला हवे. इटालियनांची मुले-नातवंडे शिकली, उपनगरांत गेली, इंग्रजी बोलू लागली. पूर्व १९ व्या रस्त्यापर्यंत वाढलेल्या इमारतींत आता इतर लोक येऊ लागले. १९७३ मध्ये शहरातले दुसरे एक इटालियन रुग्णालय त्यात विलीन झाले आणि नाव काब्रिनी मेडिकल सेंटर झाले. १९८० च्या दशकात एड्सच्या रोग्यांना जवळ करायला लोक कचरत होते, तेव्हा या रुग्णालयाने त्यांना घेतले. म्हणजे आपल्या लोकांसाठी काढलेले रुग्णालय शेवटी ज्यांना कोणी आपले म्हणत नव्हते त्यांचेही झाले. मूळ हेतू सुटला, अशी तक्रार यावर कोणी करेल. मला तो पुरा झालेला दिसतो.

२००६ साली राज्य सरकारच्या आयोगाने बंद करावयाच्या रुग्णालयांत त्याचे नाव घातले. तोट्याचे ओझे वाढत होतेच. २००८ मध्ये दारे बंद झाली. त्या जागेत आज महागडे फ्लॅट आहेत. शिकागोचे कोलंबस हॉस्पिटलही त्याआधीच बंद झाले होते. तिथे काब्रिनींचे प्रार्थनामंदिर तेवढे राखले आहे.

२०१८ मध्ये न्यूयॉर्कमधल्या कॅथलिक धर्मप्रांतांच्या आधाराने चालणारी एक आरोग्यविमा संस्था विकली गेली. त्यातून तीन अब्जांहून अधिक डॉलरचा निधी उभा राहिला आणि राज्यातल्या गरिबांच्या आरोग्यासाठी एक प्रतिष्ठान स्थापन झाले. हा पैसा काब्रिनींच्या सिस्टरांचा नव्हता, त्यांच्या रुग्णालयाचाही नव्हता. तरी प्रतिष्ठानाला नाव दिले ते मदर काब्रिनींचे. त्याचे अनुदान ज्यांच्यासाठी दिले जाते, त्या गटांत परदेशातून आलेले लोक आणि स्थलांतरित मजूर आहेत. ते आता बहुतांशी इटालियन नाहीत.