मुलगा सांगत नाही, म्हणून…

मी मुलांवर शस्त्रक्रिया करणारा डॉक्टर. काही वर्षांपूर्वी एक वडील आपल्या १४ वर्षांच्या मुलाला घेऊन आले. शाळेच्या कबड्डी संघातला हा मुलगा, पण त्यानं अचानक खेळणं सोडलं होतं. कारण सांगत नव्हता. वडील थोडा वेळ बाहेर बसले, तेव्हा तो पुटपुटला, ‘‘खाली डावीकडे गाठ आहे. वर्ष झालं.’’ आपल्याच कुठल्यातरी चुकीची ही शिक्षा, असं त्यानं मनाशी धरलं होतं.

वडिलांना आत बोलावून मी त्याला तपासलं. ती गाठ नव्हती. वृषणाकडून रक्त परत नेणाऱ्या शिरा फुगल्या होत्या. याला व्हेरिकोसील म्हणतात. वयात येणाऱ्या १०० मुलांपैकी सुमारे १५ जणांत हा विकार आढळतो आणि तोही बहुधा डावीकडे. डावीकडची शीर लांब असते, ती मूत्रपिंडाच्या शिरेला काटकोनात मिळते. तिच्यातल्या झडपा नीट मिटल्या नाहीत, की रक्त खाली तुंबतं. यात मुलाची काय चूक?

निदान बहुतेक वेळा हातानं तपासूनच होतं. मुलाला उभं करून, श्वास रोखून कुंथायला लावून तपासतात. आडवं झाल्यावर फुगवटा ओसरतो. तो ओसरला नाही, फक्त उजवीकडेच असला किंवा १० वर्षांखालच्या मुलात दिसला, तर पोटाची सोनोग्राफी करून घ्यावी. क्वचित पोटातली गाठ शिरेवर दाब देत असते.

‘‘मग ऑपरेशन कधी?’’ वडिलांचा प्रश्न. बहुतेक मुलांना ते लागत नाही. दोन्ही वृषणांचं आकारमान सोनोग्राफीनं मोजायचं आणि सहा महिने ते वर्षभरानं पुन्हा मोजायचं. डावं वृषण २० टक्क्यांहून अधिक लहानच राहिलं किंवा दुखणं थांबेना, तर फुगलेल्या शिरा बांधतात. त्यानंतर मागे पडलेली वाढ पुष्कळदा भरून निघते. मात्र काहींना पुढे वृषणाभोवती पाणी साठतं, काहींच्या शिरा पुन्हा फुगतात, हेही आधी समजून घ्यावं.

या मुलाची दोन्ही मापं जवळपास सारखी होती. वर्षानंही सारखीच राहिली. तो पुन्हा कबड्डी खेळू लागला.

वडिलांनी हळूच विचारलं, ‘‘पुढे संसाराचं काय?’’ व्हेरिकोसील असलेले बहुसंख्य पुरुष बाप होतात, हे मी त्यांना मुलासमोरच सांगितलं.

एक इशारा देतो. वृषणात अचानक तीव्र कळ आली, तर त्याला पीळ पडलेला असू शकतो. तेव्हा सकाळची वाट पाहू नका, तडक रुग्णालय गाठा.

आणि वडील मंडळींनो, मुलगा बारा वर्षांचा झाला की एवढं सांगून ठेवा : ‘आंघोळ करताना काही वेगळं जाणवलं, तर मला सांग. मी रागावणार नाही.’