मालवाहतूक : प्रश्न मार्गाचा नव्हे, सांध्याचा



सोलापूर जिल्ह्यातील कुर्डुवाडी हे नाव रेल्वेने प्रवास करणाऱ्या प्रत्येक मराठी माणसाला परिचित आहे. १८९७ मध्ये या स्थानकातून बार्शीकडे एक अरुंद लोहमार्ग सुरू झाला. त्याच्या दोन रुळांतील अंतर अवघे अडीच फूट. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या अभियंत्याच्या कल्पकतेतून उभी राहिलेली ही बार्शी लाइट रेल्वे १९११ मध्ये लातूरला आणि १९२७ मध्ये मिरजेला पोहोचली. रेल्वे नसलेल्या मुलखाला तिने बाजारपेठेशी जोडले, हे तिचे ऋण मान्यच केले पाहिजे. परंतु कुर्डुवाडीहून जाणारा मुंबईचा मुख्य मार्ग होता साडेपाच फुटी! एका मार्गावरची वाघीण दुसऱ्या मार्गावर जाणे अशक्य. त्यामुळे बार्शीचा कापूस असो की लातूरचे धान्य, मुंबईकडे निघालेला माल कुर्डुवाडीला एका गाडीतून उतरवायचा, हमालांच्या पाठीवरून दुसऱ्या गाडीत चढवायचा, आणि मगच तो पुढे जायचा. या मार्गाच्या रुंदीकरणाला एकविसावे शतक उजाडावे लागले.

आता विचार असा करावा की, या मालाचा खरा खर्च कोठे होत होता? गाडी धावत असताना, की ती उभी असताना? इंजिन, कोळसा, रूळ यांचा हिशेब कागदावर दिसतो. परंतु उतराई-चढाईची मजुरी, मालधक्क्यावर पडून राहिलेले दिवस, पावसात भिजलेल्या गाठी, वाटेत फाटलेली पोती आणि झालेली चोरी, हा सारा खर्च दोन वाहनांच्या सांध्यावर होत असतो. मालवाहतुकीच्या अर्थशास्त्राचे सार या एका वाक्यात सामावले आहे. मार्ग बांधणे हे अर्धेच काम. दोन मार्ग जेथे भेटतात तो सांधा जुळवणे हे उरलेले अर्धे, आणि बहुधा अधिक कठीण काम.

हे एका साध्या गणिताने स्पष्ट होईल. आकडे केवळ समजुतीसाठी घेतलेले आहेत. समजा, एक टन माल एक किलोमीटर नेण्यास ट्रकला अडीच रुपये आणि रेल्वेला दीड रुपया पडतो. रेल्वे एक रुपयाने स्वस्त झाली. परंतु ट्रक कारखान्याच्या दारातून निघून थेट गिऱ्हाइकाच्या दारात पोहोचतो. रेल्वेचे तसे नाही. कारखान्यापासून स्थानकापर्यंत ट्रक, तेथे चढाई, पलीकडे उतराई, पुन्हा ट्रक! या दोन्ही टोकांचा खर्च टनामागे सहाशे रुपये धरला, तर सहाशे किलोमीटरपर्यंत रेल्वेचा काहीच लाभ नाही. त्याहून दूरच्या मालालाच ती परवडते. आता रेल्वेने भाड्यात दहा टक्के सवलत दिली, तर ही मर्यादा सहाशेवरून सुमारे ५२२ किलोमीटरवर येते. मात्र भाडे तसेच ठेवून सांध्यावरचा खर्च निम्मा केला, तर ती थेट तीनशे किलोमीटरवर येते! भाडेकपातीच्या घोषणा वृत्तपत्रांत झळकतात; मालधक्क्यावरील खड्ड्यांकडे मात्र कोणाचे लक्ष जात नाही. नियोजनातील दोष नेमका येथेच आहे.

जगाने हा सांधा कसा जुळवला? २६ एप्रिल १९५६ रोजी अमेरिकेतील नेवार्क बंदरातून ‘आयडियल एक्स’ नावाचे जहाज ह्यूस्टनकडे निघाले. त्यावर ५८ पेट्या होत्या. ही कल्पना कोणा जहाजतज्ज्ञाची नव्हती. ती होती माल्कम मॅकलीन या ट्रकव्यावसायिकाची. माल हलवू नका, पेटीच हलवा, एवढाच तिचा आशय. सुटा माल जहाजात भरण्यास त्या काळी टनामागे जवळपास सहा डॉलर पडत. पेटीमुळे तो खर्च सोळा सेंटच्या आसपास आला. जहाजाचा वेग वाढला नव्हता, अंतर कमी झाले नव्हते. केवळ सांधा बदलला होता.

भारतात या दिशेने पावले पडली ती तीन दशकांनंतर. १९८८ मध्ये भारतीय कंटेनर निगम स्थापन झाले. १९८९ मध्ये न्हावा शेवा येथे जवाहरलाल नेहरू बंदर सुरू झाले. समुद्रापासून शेकडो कोस दूर असलेल्या शहरांजवळ सीमाशुल्काची सोय असलेली ‘कोरडी बंदरे’ उभी राहिली. १९९३ मध्ये बहुविध वाहतुकीचा कायदा झाला. जहाज, रेल्वे आणि ट्रक अशी वाहने बदलली, तरी निर्यातीच्या मालाला एकच दस्तऐवज आणि एकच जबाबदार वाहतूकदार असावा, हे त्याचे सूत्र. सांधा केवळ लोखंडाचा नसतो, कागदाचाही असतो, हे या कायद्याने ओळखले. मुंबईच्या वेशीवरील जकात नाक्यांपुढे उभ्या राहणाऱ्या ट्रकांच्या रांगा ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना हे वेगळे सांगावयास नको. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर आला आणि ते नाके उठले.

परंतु सर्वच माल पेटीबंद होत नाही आणि प्रत्येक व्यापाऱ्यापाशी पेटी चढवण्याची यारीही नसते. यावर कोकण रेल्वेने काढलेला तोडगा मननीय आहे. २६ जानेवारी १९९९ रोजी रायगड जिल्ह्यातील कोलाड ते गोव्यातील वेर्णा अशी ‘रो-रो’ सेवा सुरू झाली. पुढे ती कर्नाटकातील सुरतकलपर्यंत गेली. येथे माल उतरतच नाही. भरलेला ट्रक उतरणीवरून सपाट वाघिणीवर चढतो, चाके जखडली जातात, चालक आणि क्लीनर ट्रकसोबतच प्रवास करतात, आणि पलीकडे ट्रक आपल्या चाकांनी उतरून मार्गस्थ होतो. घाटांतील वळणे टळतात, डिझेल वाचते, टायर झिजत नाहीत, चालकाला झोप मिळते. महामार्गावरचा अपघाताचा धोका घटतो, तो लाभ तर पैशांत मोजताच येणार नाही.

या योजनेलाही मर्यादा आहेत, हे प्रांजळपणे सांगितले पाहिजे. मालाबरोबर ट्रकचे मृत वजनही वाहून न्यावे लागते आणि तेवढा काळ ट्रक अडकून पडतो. म्हणूनच सपाट प्रदेशातील चांगल्या महामार्गावर तिचा लाभ कमी, आणि डोंगराळ, नागमोडी कोकणात अधिक. तात्पर्य, एकच उपाय सर्वत्र लागू पडत नाही. कोणत्या मालाला, किती अंतराला, कोणता सांधा, याचा विवेक म्हणजेच नियोजन.

हा विवेक दीर्घकाळ हरवला होता. स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या काही वर्षांत देशातील ८० टक्क्यांहून अधिक माल रेल्वेने जात असे. आज तो वाटा एक तृतीयांशाहूनही कमी आहे. प्रवासी भाडे कमी ठेवण्यासाठी मालभाडे चढे ठेवले गेले. एकाच रुळावर प्रवासी गाडीला वाट देत मालगाडी तिष्ठत राहिली. माल कधी पोहोचेल याची शाश्वती नसेल, तर व्यापारी स्वस्त रेल्वेपेक्षा महाग ट्रक पत्करतो. कारण अनिश्चितता हादेखील एक खर्चच आहे. त्यावर उपाय म्हणून केवळ मालगाड्यांसाठीचे समर्पित मार्ग हाती घेण्यात आले. त्यांतील पश्चिमेचा मार्ग दादरी ते न्हावा शेवा असा १५०६ किलोमीटरचा. त्यावर पेटीवर पेटी ठेवून धावणारी गाडी उंच विद्युततारांखालून जाऊ शकते. मात्र ज्या बंदरासाठी हा मार्ग आखला, त्या बंदराजवळचा वैतरणा ते न्हावा शेवा हा टप्पाच सर्वांत अधिक रेंगाळला. पुन्हा सांधाच!

शेतकऱ्याचा अनुभवही वेगळा नाही. ७ ऑगस्ट २०२० रोजी देवळाली ते दानापूर अशी पहिली किसान रेल्वे धावली. त्याच वर्षी २८ डिसेंबरला शंभरावी गाडी सोलापूर जिल्ह्यातील सांगोल्याहून बंगालमधील शालिमारकडे निघाली. फळे-भाजीपाल्याच्या भाड्यात निम्मी सवलत होती आणि थोडका मालही स्वीकारला जात असे. लहान बागायतदाराला दूरची बाजारपेठ प्रथमच दिसली. पुढे या गाड्यांचा जोर ओसरला. सवलत माल स्थानकापर्यंत आणते. तो तेथे टिकून राहण्यासाठी शीतगृह, सावली, जोडरस्ता आणि ठरलेली वेळ लागते. डाळिंब फलाटावर उन्हात राहिले, तर स्वस्त भाड्याचा उपयोग काय?

सांधा जुळवताना आणखी एका घटकाचे विस्मरण होता कामा नये. ज्या सांध्यावर खर्च होतो, त्याच सांध्यावर कोणाची तरी चूलही पेटत असते. गाठी वाहणाऱ्या हमालाची मजुरी हा हिशेबवहीत खर्च असतो, त्याच्या घरी ते अन्न असते. अण्णासाहेब पाटील यांनी संघटित केलेल्या माथाडी कामगारांसाठी महाराष्ट्राने १९६९ मध्ये कायदा केला. यंत्र येणारच, परंतु पाठीवरचे ओझे उतरवताना हातचे कामही हिरावले जाऊ नये. यारी चालवणे, पेट्यांची दुरुस्ती, गोदामाची व्यवस्था ही नवी कामे प्रथम त्याच वस्तीतील मुलांना शिकवली गेली पाहिजेत. ज्या नियोजनात माणूस शेवटी आठवतो, ते नियोजन अपुरे होय.

२०२१ मध्ये गतिशक्ती योजना आणि २०२२ मध्ये राष्ट्रीय लॉजिस्टिक धोरण आले. निरनिराळी खाती एकाच नकाशावर आली, हे स्वागतार्ह आहे. वाहतूक-साठवणुकीचा खर्च राष्ट्रीय उत्पन्नाच्या १३-१४ टक्के असल्याचे वर्षानुवर्षे सांगितले जाई. सरकारनेच करवून घेतलेल्या अभ्यासातून २०२३-२४ साठी हा आकडा ७.९७ टक्के निघाला. ही समाधानाची गोष्ट खरी. परंतु सरासरीच्या आड लहान माणूस दडतो. पूर्ण गाडी भरण्याइतका माल ज्याच्यापाशी नाही, त्या लहान उद्योजकाच्या मालावर हा भार मोठ्यापेक्षा कितीतरी अधिक पडतो.

म्हणून यापुढे एखाद्या महामार्गाचे किंवा लोहमार्गाचे उद्घाटन होईल, तेव्हा लांबी किती आणि खर्च किती, एवढे विचारून थांबू नये. आपल्या तालुक्याचा मालधक्का कोठे आहे? त्याचा जोडरस्ता पावसाळ्यात चालू असतो काय? तेथे गाडी किती तास उभी राहते, आणि दहा पोती घेऊन येणाऱ्याला तेथे जागा आहे काय? हे प्रश्न प्रत्येक गावातील जाणत्या नागरिकांनी विचारावेत. कुर्डुवाडीचे रूळ एका रुंदीचे होण्यास शंभर वर्षे लागली. उरलेल्या सांध्यांना तेवढा अवधी देणे देशाला परवडणारे नाही.