कपडेपटातून दिसणारा माणूस



बक्षिसं अजून वाटायची आहेत आणि मागच्या रांगांत चुळबुळ सुरू झालीय, तेव्हा थोडक्यात बोलतो.

मघाशी मावळ्यांचा नाच झाला. झकास! पण माझी नजर कपड्यांवर, धंदाच तो. सगळ्यांचे अंगरखे कोरे करकरीत, कडक इस्त्रीचे. गड चढून आलेल्या गड्याच्या गुडघ्याला माती नको? सिनेमाच्या कपडेपटात आम्ही नवाकोरा सदरा चहाच्या पाण्यात बुडवतो, कोपरांवर पॉलिश पेपर घासतो. शिवणाऱ्या मास्तरांचा जीव तुटतो. पण त्या विटक्या कोपरावरून कळतं, की हा माणूस राबलेला आहे.

या कामातलं मोठं नाव भानू अथैया. जन्म कोल्हापूरचा, शिक्षण जे. जे.मधलं, चित्रकलेचं. ‘आम्रपाली’च्या वेशभूषेसाठी त्यांनी अजिंठ्याची चित्रं अभ्यासली. ‘गांधी’साठी १९८३ साली जॉन मोलो यांच्यासोबत त्यांना ऑस्कर मिळालं, भारतीयाच्या वाट्याला आलेलं ते पहिलंच.

तो सिनेमा एकदा आवाज बंद करून बघा. सुरुवातीला, १८९३ सालच्या दक्षिण आफ्रिकेत, सुटाबुटातल्या बॅरिस्टरला रेल्वेतून खाली ढकलतात. १९१५ साली तोच माणूस मुंबई बंदरात उतरतो तो काठियावाडी पोशाखात. सूट कुठे गेला, हे कुणी सांगत बसत नाही. पुढे नदीवर एक बाई दिसते, अंगावर चिंध्या. गांधीजी आपल्याजवळचं पांढरं कापड पाण्यावर सोडतात, ते वाहत तिच्यापर्यंत जातं. अवाक्षर नाही! प्रत्यक्षात पंचा नेसायचा निर्णय त्यांनी सप्टेंबर १९२१मध्ये मदुराईत घेतला. पडद्यावर मात्र त्यामागचं सगळं मन त्या एका कापडात उतरलंय.

हल्लीच्या ऐतिहासिक सिनेमांत लढाई संपली तरी शेला चुरगळत नाही. जरी तेवढी दिसते, माणूस दिसत नाही. मला ते पटत नाही, आणि हे मी निर्मात्यांच्या तोंडावरही बोलतो. त्यामुळे कामं थोडी कमी मिळतात, ते असो.

तुम्ही विद्यार्थी पुढच्या वर्षी नाटक बसवाल, तेव्हा ड्रेसवाल्याकडे पळण्याआधी घरी आजीला विचारा: रानात जाताना लुगडं कसं खोचायचीस, लग्नाकार्यात कसं नेसायचीस? तिच्याकडून नेसून घ्या. आणि आणलेले कपडे तालमीपासूनच अंगावर चढवा, चांगले मळू द्या. परत करताना धुऊन द्या म्हणजे झालं.