पौलाचं विरजण

मी जाफराबादचा. एसटीच्या पाटीवर कधी 'जाफराबाद' लिहितात, कधी 'जाफ्राबाद'. गाडी येते ती पूर्णेकाठच्या त्याच गावात. जाफर म्हणजे अरबीत ओढा, हेही मजेशीर आहे, पण ते पुन्हा कधी. आज बोलायचंय ते 'पौल' या नावाविषयी.

बायबलातला पौल तुम्हाला माहीत आहे. नाव मात्र लॅटिन. पाउलुस, म्हणजे लहान, धाकटा. रोमच्या एमिलियस घराण्यातल्या एका शाखेचं ते उपनाव. इ.स.पूर्व 168 मध्ये मॅसिडोनियाच्या राजाला हरवणारा सेनापती याच शाखेतला. आपल्याकडे नाही का, सहा फुटी गड्याला जन्मभर 'बारक्या' म्हणतात!

तार्ससच्या शौलामुळे, म्हणजे बायबलातल्या याच पौलामुळे, हे नाव युरोपभर गेलं. कसं गेलं? विरजणासारखं. शेजारणीकडून वाटीत चमचाभर आणायचं. पण दूध आपलं, मडकं आपलं, म्हणून दही आपल्या चवीचं. इटलीत पाओलो लागला, स्पेनात पाब्लो, रशियात पावेल, हंगेरीत पाल. कुठे घट्ट, कुठे पातळ. पोर्तुगीजांनी पाउलो गोव्यात आणला, कोकणीनं त्याचा पावलू केला. भारतातला पहिला छापखाना 1556 साली गोव्यात आला, तोही सेंट पॉलच्याच नावाच्या कॉलेजात. आणि आपल्या मराठी बायबलात लागला तो पौल.

मग आपण काय करतो? हजेरीपटावरचं 'पौल' खोडून 'पॉल' करतो! एका शाळेत हे मी डोळ्यांनी पाहिलंय. का हो? इंग्रजांच्या मडक्यातलंच दही तेवढं खरं? त्यांनीही ते रोमकडूनच आणलेलं. पुन्हा सांगतो, उसनं असतं ते विरजण, दही नव्हे. गुरुजी, पोराच्या आईला विचारा, घरी काय हाक मारता? तेच लिहा की.

आता दुसरी गंमत. जालन्याजवळ बेथेल हे गाव वसवणारे रेव्हरंड नारायण शेषाद्री ख्रिस्ती झाले, तरी नारायणच राहिले. नारायण वामन टिळकांनी 1895 मध्ये बाप्तिस्मा घेतला, तेही नारायणच. म्हणजे विरजण लावलंच पाहिजे असंही नाही. नुसत्या दुधाचीसुद्धा... स्टुडिओच्या काचेपलीकडून घड्याळ दाखवताहेत. बायबलातलं मार्क हे नाव राहिलं; तेही लॅटिनच, बरं का. पण गुरुजी, तेवढं 'पौल' खोडू नका.