सिनेमा वाचताना

(नांदेड येथे झालेल्या कार्यकर्त्यांच्या शिबिरातील भाषणाचा मजकूर)



सिनेमा ही बघायची गोष्ट, ती वाचायची कशाला, असं काल दोघीतिघींनी मला विचारलं. प्रश्न रास्त आहे. कोर्टाच्या तारखा, रेशनचे अर्ज, बचत गटाच्या वह्या एवढं वाचायचं पडलेलं असताना लातूरच्या या बाईला सिनेमाची पुस्तकं कुठून सुचतात, असं तुमच्या मनात आलं असेल. त्याचं उत्तर द्यायलाच मी उभी आहे.

आधी शब्दांचा घोळ मिटवू. मराठी सिनेमाच्या सुरुवातीला कथा, पटकथा आणि संवाद अशी तीन नावं वेगवेगळी येतात. कथा म्हणजे काय ते सगळ्यांना ठाऊक आहे, संवादही कळतात. मधली पटकथा मात्र नावापुरतीच ऐकलेली असते. गोष्टीतलं काय दाखवायचं, कोणत्या क्रमाने, घरात की बाहेर, दिवसा की रात्री, आणि बोलणाऱ्याचा चेहरा दाखवायचा की ऐकणारीचा, हे सगळं कागदावर ठरतं. तो कागद म्हणजे पटकथा. आपल्याकडच्या जुन्या पद्धतीत पानाचे दोन भाग पाडतात. डावीकडे दिसतं ते, उजवीकडे ऐकू येतं ते. एकदा ही रीत कळली की वाचायला अवघड काही नाही. सातबारा वाचता येणाऱ्या बाईला पटकथा नक्की वाचता येते. सातबाराच जास्त किचकट असतो!

छापलेल्या पटकथांचे दोन प्रकार असतात. काही सिनेमा काढण्याआधी लिहिलेल्या असतात. काही मात्र तयार सिनेमा पुन्हा पुन्हा बघून, त्यावरून कागदावर उतरवलेल्या असतात. श्याम बेनेगल यांच्या ‘मंथन’चं पुस्तक या दुसऱ्या प्रकारचं आहे. सिनेमा १९७६ चा, पटकथा आपल्या विजय तेंडुलकरांची, आणि पुस्तक कलकत्त्याच्या सीगल प्रकाशनाने १९८४ साली इंग्रजीत काढलं, शमिक बंद्योपाध्याय यांनी सिनेमावरून उतरवून. आमच्या लातूरच्या गटात आम्ही ते वाचलं. मी ओळ वाचायची, मराठीत सांगायची आणि मग ज्या बाईला जे पात्र दिलं असेल तिने ते आपल्या बोलीत म्हणायचं. त्यामुळे गुजरातचं गाव औसा-निलंग्याकडचं झालं, ‘काय करायलीस गं’ म्हणू लागलं. बिघडलं काहीच नाही.

‘मंथन’ची गोष्ट तुम्हाला माहीत असेल. गुजरातमधल्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये दिले आणि त्या पैशातून सिनेमा निघाला. २०२४ मध्ये त्याची दुरुस्त केलेली प्रत कान महोत्सवात दाखवली, तेव्हा पेपरांनी दोन-दोन रुपयांची ही गोष्ट पुन्हा छापली. त्यात स्मिता पाटीलने केलेली बिंदू आहे. तिला लिहिता-वाचता येत नाही. दूधसंघाच्या विरोधातला डेअरीवाला मिश्रा तिचा अंगठा घेतो, आणि तोच कागद पुढे डॉक्टर रावांवर बलात्काराचा आरोप ठरतो.

पडद्यावर बघताना आपण हळहळतो ती डॉक्टरसाठी. चांगला माणूस, विनाकारण बदनाम झाला. गटात वाचताना मात्र एकीने मला मध्येच थांबवलं. “बाई, तो कागद बिंदूला कुणी वाचून दाखवला का नाही?” मी पुढची पानं चाळली. पुढे गोष्टीला डॉक्टरांची काळजी आहे, संघाची आहे. आपल्या नावावर काय खपवलं गेलं हे बिंदूला कळलं तेव्हा तिचं काय झालं, याला जागा फार थोडी. अंधारात बसून बघताना असा प्रश्न सुचायला वेळ मिळत नाही. कागद थांबतो, बोट ठेवू देतो, मागचं पान उलटू देतो. आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. मथुरा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सोडलं ते १९७८ साली, कायदा बदलला १९८३ साली. त्याच्याही आधी, ज्या काळात खरी तक्रार नोंदवताना बाई मेटाकुटीला यायची, त्या काळातल्या इतक्या चांगल्या सिनेमात खोटी तक्रार गोष्ट पुढे ढकलण्याच्या कामी आली. मी ‘मंथन’ला वाईट म्हणत नाही. मला तो आवडतो. पण आवडीच्या माणसालाही आपण प्रश्न विचारतोच की.

आता मराठवाड्यातली गोष्ट. हंसा वाडकरांचं ‘सांगत्ये ऐका’ हे आत्मकथन १९७० साली आलं. शब्दांकन अरुण साधूंचं. नाव घेतलंय त्यांच्याच १९५९ च्या गाजलेल्या सिनेमावरून. या पुस्तकावरून बेनेगलांनी १९७७ साली ‘भूमिका’ काढला. पटकथा गिरीश कार्नाड, सत्यदेव दुबे आणि स्वतः बेनेगल या तिघांची. तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, स्मिता पाटीललाही मिळाला. ‘भूमिका’ आपल्यातल्या पुष्कळजणींनी पाहिला असेल, पुस्तक मात्र थोड्यांनीच वाचलेलं असतं. म्हणून मी आग्रहाने सांगते, दोन्ही शेजारी शेजारी ठेवून वाचा.

हंसाबाई एका माणसाबरोबर निघून गेल्या आणि मराठवाड्यातल्या एका खेड्यात जवळपास तीन वर्षं राहिल्या. त्याला आधीच्या दोन बायका होत्या, या तिसऱ्या. सिनेमात हा भाग आहे. उषा एका जमीनदाराच्या वाड्यात जाते. अंथरुणाला खिळलेली पहिली बायको आहे, सासू आहे, लहान मुलगा आहे. सुरुवातीला तिला घर मिळाल्यासारखं वाटतं. मग एक दिवस मुलाला घेऊन जत्रेला जायचं म्हणते आणि कळतं की वाड्याबाहेर पाऊल टाकायला मनाई आहे. ती नवऱ्याला पत्र लिहिते, नवरा पोलिसांना घेऊन येतो आणि ती सुटते. फार चांगला लिहिलेला भाग आहे. घर आणि तुरुंग यांतलं अंतर जत्रेच्या एका साध्या मागणीने दाखवलंय, भाषण न करता.

पुस्तकात सुटकेच्या वाटेवर आणखी एक गोष्ट घडते. ज्या मॅजिस्ट्रेटची सही सुटकेसाठी हवी असते, तोच हंसाबाईंवर बलात्कार करतो. ‘भूमिका’त हे नाही.

एवढ्या एका गाळण्याने काय झालं ते बघा. सिनेमात बाईला कोंडणारा जमीनदार आहे आणि दार उघडणारा कायदा आहे. पुस्तकात जमीनदाराच्या दारातून सुटलेली बाई कायद्याच्या दारात पुन्हा सापडते. दोन वेगळ्या गोष्टी झाल्या या. पहिली पाहून आपण म्हणतो, पोलिसांना कळवायला हवं होतं, बस. दुसरी वाचली की कळतं, ठाण्यात आणि कचेरीत बाईबरोबर आपल्यातली कुणीतरी का जायला लागते. इथे बसलेल्या किती जणी रात्री-बेरात्री अशा गेल्या आहेत, ते मला सांगायची गरज नाही. आपल्याच मातीत घडलेली ही गोष्ट सगळ्या देशाने पडद्यावर पाहिली, आणि त्यातला आपल्या कामाचा सांधा तेवढा निखळलेला.

सिनेमाने पुस्तकातलं सगळं घेतलंच पाहिजे असं नाही. अडीच तासांत सगळं मावत नाही. पण काय मावलं नाही, हे आपल्याला माहीत हवं.

‘उंबरठा’बद्दल थोडक्यात सांगते, कारण त्यावर आपल्या शिबिरांतून पुष्कळ बोलून झालंय. १९८२ चा सिनेमा, दिग्दर्शन जब्बार पटेल, पटकथा तेंडुलकर. मूळ कादंबरी शांता निसळ यांची ‘बेघर’. पहिली दोन नावं आणि स्मिता पाटीलचं नाव कुणालाही विचारा, सांगतील. शांताबाईंचं नाव सांगणारी बाई मला क्वचित भेटते. आणि शीर्षकं पाहा. ‘बेघर’ म्हणजे जिला घर उरलं नाही ती. ‘उंबरठा’ म्हणजे जो ओलांडायचा तो. तुमच्या गटात या दोन शब्दांवरच तासभर चर्चा घ्या.

पटकथा कशी लिहावी हे शिकवणारी पुस्तकंही मी वाचते. अमेरिकेतल्या सिड फील्ड यांचं १९७९ चं पुस्तक जगभर चालतं. त्यांचा हिशेब असा: एक पान म्हणजे पडद्यावरचा एक मिनिट, गोष्टीचे तीन अंक, नायकाला काहीतरी हवं असतं, त्याच्या वाटेत अडथळे येतात, शेवटी ते मिळतं किंवा मिळत नाही. शिस्त म्हणून उपयोगाचं आहे. पण ते वाचताना मला सारखं वाटत होतं की आमच्या परित्यक्ता बहिणी सांगतात ती गोष्ट यात कशी बसवायची? तिला एक गोष्ट हवी नसते. पोटगी हवी, रेशन कार्डावर नाव हवं, पोराचा शाळेचा दाखला हवा, आईची औषधं हवीत, आणि सगळं एकाच दिवशी हवं असतं. तिचा अडथळाही एक नसतो. तिसरा अंक तर येतच नाही, पुढची तारीख येते. लॉरा मल्व्ही या ब्रिटिश बाईंनी १९७५ सालीच लिहून ठेवलंय की मुख्य प्रवाहाच्या सिनेमात बघणारा पुरुष आणि बघितली जाणारी बाई अशी वाटणी झालेली असते. पटकथा वाचली की ही वाटणी शाईत दिसते. नायक आत येतो तेव्हा तो काय करतो ते लिहिलेलं असतं. नायिका येते तेव्हा ती कशी दिसते ते.

हे सगळं मी आज का सांगतेय? आपल्याकडे हल्ली कॅमेरे फार येतात. दुष्काळ, आत्महत्या, ऊसतोड, गर्भाशयाच्या शस्त्रक्रिया. बीडच्या ऊसतोड बायकांवर तर अनंत महादेवन यांनी २०२० मध्ये ‘बिटरस्वीट’ हा मराठी सिनेमाच केला. यावेत, जरूर यावेत. पण आमच्या भागातल्या एका एकट्या बाईचं सांगते. तिने तीन वर्षं तलाठ्याकडे खेटे घालून सातबाऱ्यावर स्वतःचं नाव चढवलं. एका संस्थेच्या वतीने पाहुणे आले आणि तिच्यावर दहा मिनिटांची फिल्म करून गेले. फिल्ममध्ये ती विहिरीवर बसून रडते. सातबारा कुठेच नाही. तिने मला विचारलं, “मी रडले ते खरंय, पण ते सांगायला मी बसले नव्हते.” आम्ही संस्थेकडे चौकशी केली तेव्हा कळलं की सगळं आधीच कागदावर ठरलेलं होतं. कागद इंग्रजीत होता. तिची सही मात्र घेतली होती, संमतीपत्रावर.

बिंदूचा अंगठा आणि ही सही यांत मला फार अंतर दिसत नाही. म्हणून आमच्या गटाने ठरवलंय: आमच्या बाईवर फिल्म करायची तर कागद मराठीत द्या, तिला आमच्या समोर मोठ्याने वाचून दाखवा, तिने जे सांगायचं ठरवलंय ते त्यात आहे का हे तिने बघायचं आणि मग सही. दोन ठिकाणी हे म्हटल्यावर पाहुणे परत आलेच नाहीत. एका ठिकाणी मात्र आले, बसले, आणि चार दृश्यं बदलली. नांदेडच्या गटांनीही हे ठरवावं असं मला वाटतं.

दुसरा मार्ग म्हणजे आपणच लिहिणं. सुमित्रा भावे समाजकार्य शिकवत होत्या, बायकांच्या आयुष्याचा अभ्यास करत होत्या. लिहिलेला अभ्यास त्या बायकांपर्यंत पोचेना म्हणून त्यांनी १९८५ साली ‘बाई’ ही छोटी फिल्म केली, झोपडपट्टीतल्या बाईवर. सिनेमाच्या शाळेत त्या गेल्या नव्हत्या. पुढे २०२१ मध्ये जाईपर्यंत लिहीत राहिल्या. सई परांजपे यांचं ‘सय’ही मिळवा. आपल्या सिनेमांबद्दल त्यांनी त्यात लिहिलंय, आणि मराठी इतकं खेळकर आहे की बसमध्ये वाचून होतं.

चहानंतर मी कोरे कागद वाटणार आहे. मधोमध रेघ मारलेली आहे, डावीकडे दिसतं ते, उजवीकडे ऐकू येतं ते. तिघी-तिघींनी बसायचं, गेल्या महिन्यात आपण तहसीलला, ठाण्याला किंवा दवाखान्यात ज्या बाईबरोबर गेलो, तिचं एकच दृश्य लिहायचं. तिला जे सांगायचं होतं ते उजव्या बाजूला आधी लिहा. नाव बदला. ज्यांना लिहायचं नसेल त्यांनी सांगावं, शेजारणीने लिहून घ्यावं आणि परत वाचून दाखवावं. पेनं माझ्या पिशवीत आहेत.